सायकल रेसवर डॉक्युमेंटरी करताय? या चुका टाळा

प्रो सायकलिंगवर ऑब्झर्वेशनल डॉक्युमेंटरी, म्हणजे मध्ये न पडता जे घडतं ते टिपणारी फिल्म, करायला निघालेल्या नवीन पोरांचं फुटेज बघायला मिळतं, आणि दरवेळी त्याच त्या चुका. म्हणून एकदाचं लिहून टाकतो.

पहिली आणि सगळ्यात वाईट चूक म्हणजे घाई. मागे एका स्टेज रेसला (रोज एक टप्पा, अशी अनेक दिवस चालणारी रेस) आमच्या युनिटमध्ये कॅमेऱ्यावर एक हुशार मुलगा होता. संध्याकाळी हॉटेलच्या मागे मेकॅनिक सायकली धूत होता, तर याने चेनचा क्लोज-अप घेतला, मग ब्रशचा, मग फेसाचा, सगळे तीन-चार सेकंदांचे. तेवढ्यात एक रायडर स्लीपर घालून खाली आला आणि हळूच म्हणाला, सीट दोन मिलिमीटर वर घे ना. मेकॅनिक मान वर न करताच म्हणाला, कालच घेतलीय. रायडर थोडा वेळ सीटवर हात ठेवून तसाच उभा राहिला आणि मग गेला. दुखणारे पाय, उद्याची धास्ती, दोघांचं नातं, सगळं तिथे होतं आणि कॅमेरा चेनवर! वर याने रायडरला हाक मारून विचारलं, परत एकदा कराल का? त्याने केलंही, पण कॅमेऱ्याकडे बघून हसत. एडिटला शून्य उपयोग. निसटलं ते निसटलं, परत करायला लावू नका.

डॅनिश दिग्दर्शक यॉर्गन लेथने १९७६ च्या पॅरिस-रुबे रेसवर केलेली फिल्म मेकॅनिक सायकल साफ करतो तिथूनच सुरू होते, ती बघून पोरांना वाटतं जादू क्लोज-अपमध्ये आहे. अरे, तो कॅमेरा निवांत बघत राहतो ते बघा ना! मी तर आधी वाइड लावतो आणि काम संपेपर्यंत रेकॉर्डिंग बंदच करत नाही, क्लोज-अप पुढच्या सायकलला.

दुसरं, फक्त जिंकणाऱ्याच्या मागे धावणं. टीम कारपाशी मागे येऊन जर्सीत बाटल्या कोंबून परत पुढे जाणारा डोमेस्टिक, म्हणजे टीमच्या लीडरसाठी राबणारा रायडर, त्याचं काम फिनिशच्या कितीतरी आधी संपतं, तो कुणाच्याच फुटेजमध्ये नसतो. डोंगरातल्या स्टेजला टाइम लिमिटच्या आत पोचायला धडपडणारा मागचा ग्रुप येईपर्यंत थांबा, पोडियमचे शॉट टीव्हीवाले घेतातच.

फीड झोनमध्ये खाण्याची पिशवी धरून उभ्या असलेल्या स्वानियरच्या (टीमच्या मदतनिसाच्या) पुढे जाऊ नका, रायडर पडतात.

स्लो मोशन कमी करा. वेग मारून टाकता तुम्ही.

फिनिशला धापा टाकणाऱ्याला ‘कसं वाटतंय’ विचारू नका, त्याचा श्वास रेकॉर्ड करा.

आणि आवाज! मोटरसायकलवर कॅमेऱ्याच्या माइकमध्ये फक्त वारा येतो, तो आवाज फेकूनच द्यावा लागतो. मी टीम कारमध्ये स्टार्टच्या आधीच टीमच्या डायरेक्टरच्या परवानगीने वेगळा रेकॉर्डर चालू करून ठेवतो. रेस रेडिओची खरखर, त्याचं ओरडणं, मधली लांबलचक शांतता, एडिटला निम्मी रेस तिथूनच उभी राहते.