पाकिटावरचे ‘हिरवे’ दावे कसे वाचावेत: सोलापूरच्या बाजारात खरेदी करताना

चादर, टॉवेल, फ्रीज, डाळिंब, कॅरीबॅग, भांड्यांचा साबण. नवी पेठेत एक चक्कर मारली तरी यातल्या निम्म्या वस्तूंवर हिरवं पान, गोल फिरणारे बाण किंवा ‘इको-फ्रेंडली’ असं काहीतरी छापलेलं दिसतं. या छपाईचं वजन सगळीकडे सारखं नसतं. काही खुणांच्या मागे कायदा, तपासणी आणि नोंदणी क्रमांक असतो. काही खुणा पाकीट उठून दिसावं म्हणून डिझायनरने काढलेल्या असतात. शाई मात्र दोन्हींची हिरवीच. त्यामुळे दुकानात उभं राहून दोन मिनिटांत फरक कसा करायचा, एवढंच इथे सांगतो.

पहिलं काम: विशेषणं ओलांडा

‘ग्रीन’, ‘नॅचरल’, ‘सस्टेनेबल’, ‘पृथ्वीसाठी चांगलं’, ‘इको-फ्रेंडली’ हे शब्द दिसले की त्यांच्यावर न थांबता त्यांच्या शेजारी काय लिहिलंय ते बघा. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ऑक्टोबर २०२४ मध्ये दिशाभूल करणाऱ्या पर्यावरणीय दाव्यांबद्दल मार्गदर्शक तत्त्वं काढली. त्यानुसार असे मोघम शब्द नुसते वापरता येत नाहीत. नेमकं काय चांगलं आहे आणि त्याला पुरावा काय, हे सांगावं लागतं. सगळा मजकूर छापायला जागा नसेल तर क्यूआर कोड किंवा वेबसाइटचा पत्ता चालतो. म्हणजे शब्दाजवळ खुलासा नाही, क्रमांक नाही, कोडही नाही, तर तो शब्द तुमच्या हिशेबात शून्य.

कोड असेल तर स्कॅन करून बघा. पुष्कळदा तो कंपनीच्या जाहिरातीच्या पानावर नेऊन सोडतो. त्याला पुरावा म्हणत नाहीत.

मग विचारा: दावा नेमका कशाबद्दल आहे?

टॉवेलच्या खोक्यावर ‘१००% रिसायकलेबल’ लिहिलेलं असतं आणि आपण ते टॉवेलला लावतो. बोलणं मात्र खोक्याबद्दल चाललेलं असतं. वस्तू, तिचं वेष्टन आणि ती बनवण्याची पद्धत या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. दावा यातल्या कोणत्या गोष्टीचा आहे, हे लेबलवरून कळलंच पाहिजे.

तुलनेचे आकडेही असेच तपासा. ‘पूर्वीपेक्षा ३०% जास्त रिसायकल्ड माल’ म्हणजे १० टक्क्यांवरून १३ टक्क्यांवर आलो, असंही असू शकतं. मूळ आकडा दिला नसेल तर वाढीचा आकडा काही सांगत नाही.

तिसरी सापळ्याची जागा म्हणजे ‘अमुक-मुक्त’. टॉवेल-चादरींवर ‘अ‍ॅझो-फ्री’ लिहिलेलं आपल्याकडे बरंच दिसतं. कर्करोगकारक अमाइन्स सोडणाऱ्या अ‍ॅझो रंगांवर भारतात १९९७ पासूनच बंदी आहे. म्हणजे हा दावा खरा असला तरी ‘आम्ही कायदा पाळतो’ एवढाच त्याचा अर्थ. स्प्रेच्या डब्यावरचं ‘सीएफसी-मुक्त’ (सीएफसी म्हणजे ओझोनच्या थराला घातक वायू) त्याच जातीचं.

बाणांचा त्रिकोण आणि भंगारवाला

एकमेकांमागे धावणाऱ्या तीन बाणांची खूण १९७० मध्ये गॅरी अँडरसन या अमेरिकी विद्यार्थ्याने एका स्पर्धेसाठी काढली. तिच्यावर कुणाची मालकी नाही, त्यामुळे ती छापायला परवाना लागत नाही. १९८८ मध्ये अमेरिकेतल्या प्लास्टिक उद्योगाने त्याच धाटणीच्या त्रिकोणात १ ते ७ आकडे घातले आणि तिथून गोंधळ सुरू झाला. हा आकडा प्लास्टिकची जात सांगतो: १ म्हणजे पेट, २ म्हणजे जाड एचडीपीई, ३ पीव्हीसी, ४ पातळ एलडीपीई, ५ पीपी, ६ पॉलिस्टायरीन म्हणजे थर्माकोलचा भाऊबंद, आणि ७ म्हणजे इतर सगळं. वस्तूचं पुढे रिसायकलिंग होणार की नाही, याबद्दल तो काहीच सांगत नाही. लोकांचा गैरसमज होतो म्हणून २०१३ मध्ये मानक बदलून बाणांऐवजी साधा भरीव त्रिकोण सुचवला गेला. आपल्याकडच्या डब्यांवर बाण अजून फिरतायत.

‘रिसायकलेबल’ म्हणजे तत्त्वतः शक्य. तुमच्या गल्लीत शक्य आहे का, हे गल्लीत येणाऱ्या भंगारवाल्याला विचारा. पाण्याची बाटली, तेलाचा कॅन, पुठ्ठा, पत्र्याचा डबा तो तोलून घेतो. वेफर्सचं चकचकीत पाकीट, शॅम्पूची पुडी, थर्माकोलची प्लेट तो बाजूला काढतो. चकचकीत पाकिटात प्लास्टिक आणि अ‍ॅल्युमिनियमचे थर एकमेकांना चिकटवलेले असतात, ते वेगळे करणं परवडत नाही. शेंगा चटणीच्या पाऊचची हीच कथा. चटणी टिकते ती त्या थरांमुळेच, त्यामुळे दुकानदाराला दोष देण्यात अर्थ नाही. पण त्या पाऊचवर बाण छापले असतील तर त्यांना भुलू नका. साबणाच्या ‘रिफिल पॅक’मध्ये प्लास्टिक बाटलीपेक्षा कमी लागतं हे बरोबर, पण बाटली भंगारात विकली जाते, पाऊच जात नाही. माझ्या मते घरातली बाटली वर्षानुवर्षं तीच वापरणार असाल तरच रिफिलला अर्थ आहे.

‘रिसायकल्ड’ हा वेगळा दावा: माल टाकाऊतून परत मिळवलेला आहे. इथे टक्का हवाच. कारखान्यात कापलेल्या कडा त्याच प्रक्रियेत पुन्हा घातल्या, तर आयएसओ १४०२१ या मानकानुसार ते रिसायकल्ड धरत नाहीत. कुठलाही शहाणा कारखानदार ते तसंही करतोच. कापडावर ‘ग्लोबल रिसायकल्ड स्टँडर्ड’ची खूण असेल तर निदान ५० टक्के माल रिसायकल्ड असावा लागतो.

कॅरीबॅग: सगळ्यात जास्त फसवणूक इथे

महाराष्ट्रात मार्च २०१८ मध्ये प्लास्टिक पिशव्यांवर बंदी आली आणि पिशव्यांवरची भाषा रातोरात हिरवी झाली. तीन शब्द वेगळे ओळखा.

‘डिग्रेडेबल’ किंवा ‘ऑक्सो-बायोडिग्रेडेबल’: साध्या प्लास्टिकमध्ये रसायन मिसळलेलं असतं, त्यामुळे उन्हात पिशवीचा भुगा होतो. भुगाही प्लास्टिकच. युरोपीय संघाने ऑक्सो प्रकारच्या वस्तूंवर २०२१ पासून बंदी घातली आहे. ही पिशवी घेऊच नका.

‘बायोडिग्रेडेबल’: जिवाणू तिचं विघटन करतात. किती दिवसांत? मातीत, पाण्यात की कंपोस्टमध्ये? हे लिहिलेलं नसेल तर दावा अर्धवट आहे. तसं बघितलं तर लाकडाचा ओंडकाही बायोडिग्रेडेबल असतो. आपल्या प्लास्टिक नियमांत २०२४ च्या दुरुस्तीने मायक्रोप्लास्टिक (प्लास्टिकचे अतिसूक्ष्म कण) मागे उरता कामा नये, अशीही अट घातली.

‘कंपोस्टेबल’: यातल्या त्यात काटेकोर शब्द. पिशवीवर आयएस/आयएसओ १७०८८ हे मानक, उत्पादकाचं नाव आणि केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या प्रमाणपत्राचा क्रमांक शोधा. या मानकाची चाचणी साधारण ५८ अंश सेल्सिअसला होते आणि १८० दिवसांत ९० टक्के विघटन अपेक्षित असतं. सोलापूरचा मे महिना कितीही तापला तरी घरामागच्या खड्ड्यात ते तापमान महिनोन्‌महिने टिकत नाही. त्यामुळे ‘कंपोस्टेबल’ पिशवी कुंड्यांसाठी खत करायच्या ड्रममध्ये टाकून गायब होण्याची वाट बघू नका. घरगुती कंपोस्टसाठी ‘होम कंपोस्टेबल’ ही वेगळी चाचणी आहे. आणि ही पिशवी भंगारातल्या प्लास्टिकमध्ये तर मुळीच टाकू नका. तिथला चांगला मालही ती बिघडवते.

कापड दुकानात मिळणारी ‘कापडी’ पिशवी एकदा हातात घेऊन निरखा. उभा-आडवा धागा ओळखायला सोलापुरात कुणाला शिकवावं लागत नाही. धागा दिसत नसेल, पृष्ठभागावर टिपक्यांची नक्षी दाबलेली असेल, तर ती नॉन-वोव्हन, म्हणजे पॉलीप्रॉपिलीन, म्हणजे प्लास्टिकच. तिला केंद्राच्या नियमाने किमान ६० जीएसएमची (चौरस मीटरला ६० ग्रॅम वजनाची) अट आहे.

टॉवेल आणि चादर

“अण्णा, हा ऑर्गेनिक कॉटनचा आहे का?” असं विचारलं की हमखास उत्तर येतं, “ऑर्गेनिकच की ताई, यात पॉलिस्टर एक टक्का नाही!” अण्णा खोटं बोलत नाहीत. पण शुद्ध सुती असणं आणि सेंद्रिय पद्धतीने पिकवलेल्या कापसाचं असणं यात अख्खं शेत आडवं येतं. सेंद्रिय दाव्यासाठी ‘गॉट्स’ची (ग्लोबल ऑर्गेनिक टेक्स्टाइल स्टँडर्ड) खूण बघा: पांढऱ्या शर्टाचा आकार, भोवती हिरवं वर्तुळ. ‘ऑर्गेनिक’ एवढंच लिहायचं तर किमान ९५ टक्के प्रमाणित सेंद्रिय धागा लागतो, ‘अमुक टक्के ऑर्गेनिकपासून’ असं लिहायला किमान ७० टक्के. खुणेखाली तपासणाऱ्या संस्थेचं नाव आणि परवाना क्रमांक असलाच पाहिजे. नुसती खूण आहे, क्रमांक नाही, तर ती नक्कल समजा.

‘ओको-टेक्स स्टँडर्ड १००’ वेगळं. तयार कापडात अंगाला घातक रसायनं मर्यादेपेक्षा जास्त नाहीत, एवढंच ते सांगतं. कापूस कसा पिकवला, रंगाचं पाणी कुठे सोडलं, याच्याशी या खुणेचा संबंध नाही. तान्ह्या बाळासाठी दुपटं किंवा टॉवेल घेत असाल तर मात्र ही खूण उपयोगी. बाळांच्या वस्तूंसाठीचा ‘वर्ग १’ सगळ्यात कडक असतो.

‘बांबू टॉवेल’ मऊ असतो, यात वाद नाही. पण बांबूचा लगदा रसायनांत विरघळवून त्याचा व्हिस्कोस धागा काढतात. अमेरिकेत अशा कापडाला ‘बांबू’ न म्हणता बांबूपासूनचं रेयॉन म्हणावं लागतं. मऊपणासाठी घ्या, पर्यावरणासाठी जास्त पैसे देऊ नका.

सोलापुरी चादर आणि सोलापुरी टेरी टॉवेल या दोघांनाही भौगोलिक मानांकन आहे. ते मूळ ठिकाण आणि वैशिष्ट्य सांगतं. ‘हँडलूम मार्क’ हातमागाची खात्री देतो. दोन्ही चांगल्या खुणा आहेत आणि आपल्या माणसांच्या पोटाशी बांधलेल्या आहेत. पण त्यांच्यावर पर्यावरणाचा दावा नाही, आणि विक्रेत्याने तसा चढवला तर मान्य करू नका. माझा एक हट्टी विचार असा: पंधरा वर्षं अंगावर राहणारी जाड चादर, तिच्यावर एकही हिरवी खूण नसली तरी, दर दोन वर्षांनी बदलाव्या लागणाऱ्या ‘इको’ ब्लँकेटपेक्षा परवडते.

डाळिंब, ज्वारी, गूळ

पॅकबंद सेंद्रिय अन्नावर ‘जैविक भारत’ची खूण हवी. तिच्यासोबत ‘इंडिया ऑर्गेनिक’ किंवा ‘पीजीएस-इंडिया’ यांपैकी एक असतं. पहिल्यात त्रयस्थ संस्था तपासते, दुसऱ्यात शेतकऱ्यांचे गट एकमेकांची शेतं तपासतात. ‘पीजीएस-इंडिया ग्रीन’ दिसलं तर शेत अजून रासायनिकवरून सेंद्रियवर येण्याच्या काळात आहे. पूर्ण झालं की ‘पीजीएस-इंडिया ऑर्गेनिक’. ‘इंडिया ऑर्गेनिक’च्या पद्धतीत हा काळ ज्वारीसारख्या हंगामी पिकाला किमान दोन वर्षं आणि डाळिंबासारख्या बागेला तीन वर्षं धरतात. म्हणून गेल्या वर्षी फवारणी बंद केलेली बाग यंदा सेंद्रिय होत नाही.

‘रेसिड्यू फ्री’ डाळिंब आता बरंच दिसतं. त्याचा अर्थ औषध फवारलंच नाही असा नसतो. फळात औषधाचा अंश ठरवलेल्या मर्यादेच्या आत आहे, असा असतो. खाणाऱ्यासाठी चांगली गोष्ट, पण सेंद्रियच्या भावाने घेऊ नका. प्रयोगशाळेचा अहवाल आणि त्यावरची तारीख मागायला लाजू नका.

उरलेल्या खुणा झटपट

फ्रीज, एसी, पंख्यावरची तारांकनाची पट्टी कायद्याची आहे; छताच्या पंख्यांना ती जानेवारी २०२३ पासून सक्तीची झाली. निकष अधूनमधून कडक होतात, त्यामुळे जुन्या साठ्यातले पाच तारे आणि नवे पाच तारे सारखे नाहीत. तारे मोजण्याआधी पट्टीवरचं वर्ष बघा आणि फ्रीज-एसीच्या बाबतीत वर्षाकाठच्या युनिटांचा आकडा ताडून पाहा.

वही-कागदावर एफएससीची, म्हणजे लाकूड जपून सांभाळलेल्या जंगलातलं आहे का हे सांगणारी खूण असते; तिच्यात ‘एफएससी १००%’, ‘मिक्स’ आणि ‘रिसायकल्ड’ असे तीन प्रकार असतात. ‘मिक्स’मध्ये सगळंच लाकूड प्रमाणित जंगलातलं नसतं. मडक्याची खूण म्हणजे सरकारी ‘इकोमार्क’. योजना १९९१ ची, २०२४ मध्ये नव्या नियमांनी बदललेली. बाजारात क्वचित दिसते, दिसली तर भरवशाची.

इलेक्ट्रिक स्कूटरवरचं ‘झिरो एमिशन’ गाडीपुरतं बरोबर. वीज कुठून येते ते बघायचं असेल तर सोलापूरजवळच्या फताटेवाडीच्या औष्णिक वीज केंद्राची धुराडी आहेतच. ‘कार्बन न्यूट्रल’ वाचलं की किती धूर स्वतः कमी केला आणि कितीची भरपाई दुसरीकडे पैसे देऊन केली, हे वेगवेगळं लिहिलंय का बघा.

शेवटचं काम: क्रमांक तपासा, नाहीतर तक्रार करा

गॉट्स, ओको-टेक्स, एफएससी यांच्या वेबसाइटवर परवाना क्रमांक टाकला की कंपनीचं नाव येतं. ते नाव पाकिटावरच्या नावाशी जुळलं पाहिजे. क्रमांक खरा पण दुसऱ्याच कंपनीचा, असाही प्रकार चालतो.

दावा खोटा वाटला तर आधी दुकानदाराला शांतपणे विचारा. तोही बऱ्याचदा वरून आलेला मालच विकत असतो. उत्तर पटलं नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर फोन करा, मराठीत बोललं तरी चालतं. दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीसाठी उत्पादकाला पहिल्या वेळी १० लाख आणि पुन्हा केल्यास ५० लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. तक्रारीत ‘फसवणूक झाली’ असं लिहिण्यापेक्षा छापलेला दावा अक्षरशः उतरवा आणि त्याच्याजवळ कोणता पुरावा नाही ते लिहा. बिल घ्याच. पाकिटाच्या सगळ्या बाजूंचे फोटो काढा, कारण बॅच क्रमांक आणि उत्पादकाचा पत्ता नेमका त्याच कोपऱ्यात असतो जो आपण कात्रीने कापून टाकतो.