वाफेच्या विमानांविषयी लिहिताना या चुका टाळा

परवा एका शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात मुलांनी मन लावून केलेला तक्ता पाहिला. पिरॅमिडांवरून जाणारं विमान आणि खाली ओळ: ‘१८४३ सालचं वाफेचं विमान उडताना’. ते विमान कधी उडालंच नाही! इंग्लंडच्या विल्यम हेन्सन यांच्या योजनेचा गाजावाजा व्हावा, पैसा उभा राहावा म्हणून अशी चित्रं छापली गेली. तेव्हा चित्र चिकटवण्याआधी ते कुणी, कशासाठी काढलं हे बघा.

सगळ्यात जास्त गल्लत होते ती उडी आणि उड्डाण यांची. ९ ऑक्टोबर १८९० रोजी फ्रान्समध्ये क्लेमां आदेर यांचं वटवाघळासारख्या पंखांचं ‘एओल’ हे वाफेचं विमान सुमारे ५० मीटर गेलं. उंची किती, तर २० सेंटिमीटर. जमिनीवर हाताची वीत उभी धरून पाहा, एवढीच! तरी माणसाला घेऊन यंत्र स्वतःच्या जोरावर सपाट जमिनीवरून सुटलं, हे मला फार मोठं वाटतं. पण तोल सांभाळत हवं तिकडे नेणं त्यांना साधलं नव्हतं, म्हणून याला ‘पहिलं विमानोड्डाण’ म्हणू नका. पुढे १९०६ साली आदेर यांनी १८९७ च्या चाचणीत ३०० मीटर उडाल्याचा दावा केला. त्या चाचणीचा लष्करी अहवाल १९१० साली बाहेर आला आणि त्यात असं उड्डाण नव्हतं. घटनेचं साल आणि दाव्याचं साल वेगवेगळं लिहून ठेवा, निम्मा घोळ तिथेच सुटतो.

‘वाफेच्या इंजिनात दम नव्हता’ हे वाक्यही सरसकट खरं नाही. ३१ जुलै १८९४ ला इंग्लंडच्या केंट परगण्यात हिराम मॅक्सिम यांच्या वाफेच्या विमानाचं साडेतीन टनांचं धूड रुळांवरून धावलं. ते फार वर जाऊ नये म्हणून वरच्या बाजूला अडसराचे रूळ होते. यंत्राने एवढा उठाव घेतला की अडसरच मोडला आणि मॅक्सिमना वाफ बंद करावी लागली. जोर भरपूर होता, ताबा नव्हता.

वजन सांगताना एकट्या इंजिनाचा आकडा देऊन थांबू नका. बॉयलर, जळण आणि पाणी धरा. कुकरच्या दर शिट्टीला आतलं पाणी कमी होतं, तसंच इथे. वाफ थंड करून पुन्हा वापरायची तर त्या साधनाचंही ओझं आलं. ६ मे १८९६ ला अमेरिकेत पोटोमॅक नदीवर सॅम्युअल लँग्ली यांचं माणूस नसलेलं छोटं विमान सुमारे एक किलोमीटर उडालं आणि वाफ संपल्यावर अलगद पाण्यावर टेकलं. वाफ पुरली तेवढंच उड्डाण!

आणि ‘वाफेवर माणूस कधीच उडाला नाही’ असं तर लिहूच नका. १२ एप्रिल १९३३ रोजी कॅलिफोर्नियात ओकलंडला विल्यम बेस्लर यांनी वाफेचं इंजिन बसवलेलं दुपंखी (एकावर एक पंख असलेलं) विमान खरोखर उडवलं. उतरल्यावर पंखा उलटा फिरवून ते विमानाचा वेग कमी करत. आणि इंजिन इतकं शांत चालायचं की वरून हाक मारली तर खालच्यांना ऐकू यायची.