1900 च्या अमेरिकी जनगणनेत गिरणीतल्या मुलाची शाळा कशी शोधावी

आधी स्तंभ 7 आणि 8 बघा: जन्माचा महिना-वर्ष आणि वय. दोन्ही जुळतात का ते ताडून घ्या. गणनेची तारीख 1 जून होती, म्हणजे वय त्या दिवशीचं धरा. मग 19 वर जा, तिथे व्यवसाय. ‘डॉफर’ दिसला, तर तो पोरगा कताईच्या यंत्रावरच्या सुताने भरलेल्या बॉबिन (रिळं) काढून रिकाम्या लावायचा. 21 मध्ये वर्षभरात किती महिने शाळेत गेला ते आकड्यात; 22 व 23 मध्ये वाचता-लिहिता येतं का.

सगळे फसतात ते इथेच: व्यवसायाचा प्रश्न 10 वर्षं आणि त्यापुढच्यांसाठीच होता. त्यामुळे 9 वर्षांच्या मुलीचा रकाना कोरा असला म्हणजे ती कामाला जात नव्हती, असं मुळीच नाही.

शाळेचे महिने त्या राज्याच्या कायद्याशी ताडा. मॅसॅच्युसेट्सने 1852 मध्येच 8 ते 14 वयाला वर्षाला 12 आठवडे शाळा सक्तीची केली. मिसिसिपीने थेट 1918 मध्ये. आणि वयावर आंधळा विश्वास नको, ते घरच्यांनीच सांगितलेलं असायचं. दहा वर्षं मागची 1890 ची नोंद शोधत बसू नका. ती बहुतेक सगळी 1921 च्या आगीनंतर गेली.