फिगर स्पर्धक होण्याची तयारी : मंचावर जाण्यापूर्वीची वर्षे आणि उतरल्यानंतरचे महिने

महिलांच्या शरीरसौष्ठवातील ‘फिगर’ हा विभाग अमेरिकेत या शतकाच्या आरंभी सुरू झाला. 2003 मध्ये पहिली फिगर ऑलिंपिया, म्हणजे या विभागाची सर्वोच्च व्यावसायिक स्पर्धा, भरली आणि डेव्हाना मेडिना यांनी ती जिंकली. बिकिनी विभागापेक्षा येथे स्नायू अधिक लागतात, तर फिजिक विभागापेक्षा कमी. रुंद खांदे, पसरलेली पाठ, निमुळती कंबर आणि मांड्यांची स्पष्ट पण बेताची घडण अशी प्रमाणबद्ध आकृती परीक्षक शोधत असतात. ज्यांना व्यावसायिक स्पर्धक व्हायचे आहे त्यांनी पहिल्याच दिवशी एक गोष्ट स्वीकारावी : ही आकृती स्पर्धेपूर्वीच्या तीन-चार महिन्यांत घडत नाही. त्या महिन्यांत फक्त चरबी उतरते आणि आधीच्या वर्षांत जे कमावले असेल तेवढेच दिसू लागते.

म्हणून सुरुवात व्यायामापासून करावी, आहार कमी करण्यापासून नव्हे. स्क्वॉट, डेडलिफ्ट, ओव्हरहेड प्रेस आणि पुल-अप यांचे वजन वा आवर्तने महिन्यागणिक वाढत आहेत की नाही, याची वही ठेवावी. खांद्यांचा मधला व मागचा भाग आणि पाठीचे लॅट्स (बगलेखालून कंबरेकडे जाणारे रुंद स्नायू) यांना आठवड्यातून किमान दोनदा काम द्यावे, कारण कंबर बारीक दिसण्याचे बरेचसे श्रेय या दोन अवयवांच्या रुंदीला जाते. या काळात पोटभर खावे आणि थोडे वजन वाढले तर ते वाढू द्यावे. नव्या मुलींना हेच सर्वांत कठीण जाते. 2010 आणि 2012 ची फिगर ऑलिंपिया जिंकणाऱ्या एरिन स्टर्न महाविद्यालयात उंच उडी मारत असत. खेळातून आलेला असा पाया ज्यांच्याजवळ नाही, त्यांनी दोन-तीन वर्षे नेटाने वजने उचलल्यावरच पहिल्या स्पर्धेचा विचार करावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

प्रथिनांचा हिशेब आपल्याकडच्या ताटात नेहमी चुकतो. शरीराच्या दर किलो वजनामागे साधारण 2 ग्रॅम प्रथिने धरली, तर 60 किलोच्या मुलीला रोज 120 ग्रॅम लागतात. वाटीभर डाळ किंवा उसळीतून मात्र सात-आठ ग्रॅमच मिळतात. अंडी, मासे, चिकन, पनीर, सोया किंवा व्हे पावडर (दुधाच्या निवळीतील प्रथिनांची भुकटी) यांपैकी घरात जे चालते ते प्रत्येक जेवणात असावे. भाकरी किंवा भात सोडण्याची गरज नसते, त्यांचे माप ठरवावे लागते.

स्पर्धेची तारीख ठरली की सोळा ते वीस आठवडे हाती ठेवून चरबी उतरवायला सुरुवात करावी. आठवड्याला शरीराच्या वजनाच्या अर्धा ते एक टक्का इतकीच घट राखावी, कारण त्याहून घाई केल्यास कष्टाने कमावलेला स्नायूही झिजतो. या टप्प्यावर ज्या गोष्टीबद्दल जिममध्ये सर्वांत कमी बोलले जाते ती म्हणजे मासिक पाळी. व्यायामात खर्च झालेली ऊर्जा वजा करून चरबीविरहित वजनाच्या दर किलोमागे रोज 30 कॅलरीसुद्धा उरत नसतील, तर संप्रेरकांचे कार्य मंदावण्याचा, पाळी थांबण्याचा आणि ती दीर्घकाळ थांबल्यास हाडे विरळ होण्याचा धोका वाढतो. चरबीविरहित वजन 45 किलो आहे आणि व्यायामात 350 कॅलरी जातात असे धरले, तर ही सीमा 1700 कॅलरींच्या आसपास येते. शेवटच्या आठवड्यांत बहुतेक स्पर्धक तिच्या खाली जातात. म्हणूनच तो काळ शक्य तितका आखूड ठेवावा, पाळीच्या तारखा लिहून ठेवाव्यात, आणि ती सलग तीन महिने चुकली तर प्रशिक्षक काहीही म्हणोत, स्त्रीरोगतज्ज्ञांकडे जावे. स्नायू वाढवणारी संप्रेरके कोणी सुचवल्यास ठाम नकार द्यावा, कारण स्त्रीचा आवाज त्यांनी एकदा घोगरा झाला की औषध थांबवूनही तो सहसा पूर्ववत होत नाही. शेवटच्या दिवसांत पाणी तोडणे आणि लघवी वाढवणाऱ्या गोळ्या घेणे हेही जीवघेणे ठरू शकते.

पोझिंगचा, म्हणजे मंचावर ठराविक स्थितीत उभे राहून शरीर दाखवण्याचा, सराव तयारीच्या पहिल्या आठवड्यापासून, उंच टाचांचे सँडल घालूनच करावा. समोरून, बाजूने, पाठमोरे आणि पुन्हा दुसऱ्या बाजूने अशी चार वळणे असतात. प्रत्येक स्थितीत लॅट्स पसरलेले, पोट आत आणि चेहरा शांत ठेवून मिनिट-दोन मिनिटे उभे राहणे हे अवघड काम आहे. पाठमोरे होताना केस पुढे घ्यायला विसरू नये, नाहीतर पाठच झाकली जाते. टॅन (मंचासाठी अंगाला लावायचा गडद रंग) व पोशाखाची व्यवस्था आधीच करून ठेवावी. परीक्षक गुण न देता क्रमांक लावतात आणि ज्या स्पर्धकाच्या क्रमांकांची बेरीज सर्वांत कमी ती जिंकते. त्यामुळे त्या दिवशी शेजारी कोण उभे आहे यावरही निकाल ठरतो.

नोंदणीपूर्वी स्पर्धा कोणत्या महासंघाची आहे ते नीट पाहावे. 2017 मध्ये आयएफबीबी हा आंतरराष्ट्रीय शरीरसौष्ठव महासंघ आणि व्यावसायिक खेळाडूंची आयएफबीबी प्रो लीग वेगळे झाले. ऑलिंपियाचा मार्ग प्रो लीगच्या प्रो कार्डातून, म्हणजे व्यावसायिक म्हणून खेळण्याच्या परवान्यातून, जातो, आणि ते कार्ड ठराविक पात्रता स्पर्धांतच मिळते. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेत नोकरी करीत दीपिका चौधरी यांनी फिगरमधील भारताच्या पहिल्या प्रो खेळाडू होण्याचा मान मिळवला, तो मार्ग अभ्यासण्याजोगा आहे. प्रो झाल्यावरही बक्षिसांच्या रकमेवर घर चालणे फार थोड्यांना जमते. बहुतेक जणी प्रशिक्षण, प्रायोजकत्व किंवा नोकरीवर उभ्या असतात. त्यामुळे शिक्षण आणि नोकरी सोडण्याची घाई करू नये.

स्पर्धा संपल्याच्या दुसऱ्या दिवसापासून आहार पुन्हा वाढवण्याची लेखी योजना तयार असावी. भूक अनावर असते, वजन झपाट्याने परत येते आणि आरशातील बदल मनाला लागतो, म्हणून या काळात घरातल्या कोणाशी तरी मोकळेपणाने बोलत राहावे. निकोल विल्किन्स यांची चार फिगर ऑलिंपिया विजेतेपदे 2009 ते 2014 या काळात विखुरलेली आहेत, तर सिडनी गिलन यांनी 2017 पासून 2023 पर्यंत दरवर्षी किताब राखला. इतकी वर्षे टिकायचे असेल तर पाळी नियमित होऊन काही महिने लोटल्यावर आणि व्यायामातील वजने पूर्वीच्या पातळीवर आल्यावरच पुढच्या स्पर्धेचा अर्ज भरावा.