नसलेला सिनेमा दाखवायचा तर

बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या आमच्या मंडळात मी अधूनमधून ‘द माउंटन ईगल’ लावते. रहस्यपटांसाठी गाजलेल्या इंग्रज दिग्दर्शक हिचकॉकचा हा मूकपट १९२५ साली ऑस्ट्रियातल्या ओबरगुर्गलच्या डोंगरात आणि म्युनिकच्या एमेल्का स्टुडिओत झाला. आज त्याची एकही प्रत सापडत नाही. उरलेत थोडे फोटो आणि कथानक. पाऊण तासाला तेवढं पुरतं.

सुरुवातीलाच सांगून टाका, की पडद्यावर काही हलणार नाही. नंतर कळलं तर लोक चिडतात. मग एमेल्काचं नाव घ्या: १९२५ मध्येच या कंपनीच्या साथीनं हिमांशु राय यांचा ‘प्रेम संन्यास’ हा आपल्याकडचा मूकपट तयार झाला. एवढं ऐकलं की मागच्या रांगेतले काका मोबाइल खिशात टाकतात. फाळके आपल्या कलाभवनात शिकले हे बडोदेकरांना पाठ असतं, तिथे वेळ घालवू नका.

गोष्ट कीर्तनातल्या आख्यानासारखी रंगवा. केंटकीच्या डोंगराळ गावातला दुकानदार पेटिग्रू, त्याला नकार देणारी शिक्षिका बिआट्रिस, आणि तिला आसरा देऊन तिच्याशी लग्न करणारा एकांडा डोंगरवासी. पेटिग्रूचा मुलगा बेपत्ता होतो आणि खुनाचा आळ या डोंगरवाशावर येतो. इथे थांबा, पेटीवाल्याला एकच सूर धरू द्या. ठेका नको, तबल्यानं सगळं नाटकी होतं.

ज्या प्रसंगाचा फोटो नाही, तिथे पडदा काळा ठेवा आणि फक्त बोला. माझा भाचा म्हणतो, एआयनं चित्रं करून देतो. मी साफ नाही म्हणते. उद्या तीच चित्रं खरी म्हणून फिरतील. पडद्यावरच्या मजकुराच्या पाट्या मराठीत ठेवा, मोठ्या अक्षरात. शेजारच्या गुजराती मंडळींना तोंडी सांगितलं की चालतं. स्वतः हिचकॉकला हा सिनेमा टाकाऊ वाटायचा, हे मात्र शेवटी सांगा, हशा हमखास.

“बाकीचा पिक्चर गेला कुठे?” हे कुणीतरी विचारतंच. तेव्हा त्या काळी सिनेमासाठी वापरायच्या त्या नायट्रेट फिल्मचं सांगा: झटकन पेटते, नुसती पडून राहिली तरी कुजते, चांदी काढायलाही लोकांनी रिळं वितळवली. कुणाच्या माळ्यावर जुने डबे असतील तर ते प्रोजेक्टरवर चढवू नका, स्वयंपाकघराजवळ ठेवू नका, आधी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला विचारा.