शक्यता काढायची तर आधी मोजायचं कसं?

प्रोबॅबिलिटी म्हटलं की लगेच फॉर्म्युला शोधायची घाई होते, पण रोजच्या साध्या प्रश्नांना दोनच आकडे लागतात. एकूण किती प्रकारे ती गोष्ट होऊ शकते, आणि त्यातले आपल्याला हवे ते प्रकार किती. सगळे प्रकार सारख्याच शक्यतेचे असले, की हव्या प्रकारांना एकूण प्रकारांनी भागलं की झालं.

सुरुवात एकूणपासून करा. ४ शर्ट आणि ३ पँट असतील तर प्रत्येक शर्टावर तिन्ही पँट चालतात, म्हणजे ४ × ३ = १२ ड्रेस. न बघता एक शर्ट आणि एक पँट काढली, तर ठरावीक एकच ड्रेस हाताला लागायची शक्यता १२ पैकी १. आधी काहीही निवडलं तरी पुढच्या टप्प्यावर निवडीचा आकडा तेवढाच राहत असेल तर सरळ गुणायचं, इथे फार डोकं लावायची गरज नाही.

खरी मजा मोज्यांमध्ये आहे. ड्रॉवरमध्ये ६ काळे आणि ४ पांढरे मोजे सुटे पडलेत आणि अंधारात तुम्ही दोन उचलले, तर दोन्ही एकाच रंगाचे निघायची शक्यता किती? बरेच जण म्हणतात दोन्ही काळे, दोन्ही पांढरे किंवा एक-एक असे तीनच प्रकार आहेत आणि त्यातले दोन जुळतात, म्हणून ३ पैकी २. हे चुकतं, कारण ते तीन प्रकार सारख्या शक्यतेचे नाहीतच! म्हणून प्रत्येक मोज्याला मनातल्या मनात १ ते १० नंबर द्या. पहिला मोजा १० प्रकारे उचलता येतो, दुसरा उरलेल्या ९ मधून, असे झाले ९०, पण आधी ३ नंबर मग ७ नंबर काय किंवा उलट काय, हातात तेच दोन मोजे येतात, म्हणून २ ने भागून ४५. आता काळे-काळे ६ × ५ ÷ २ = १५, पांढरे-पांढरे ४ × ३ ÷ २ = ६, मिळून २१. म्हणजे ४५ पैकी २१, साधारण ४७ टक्के, निम्म्याहूनही कमी. ताळा करून बघा, एक काळा एक पांढरा ६ × ४ = २४, आणि २१ + २४ = ४५, बरोबर. हा ताळा कधीच टाळू नका.

असं मोठ्या लोकांचंही झालंय. फ्रेंच गणितज्ञ दालांबेरने १७५४ मध्ये लिहिलं की नाणं दोनदा उडवलं तर निदान एकदा छापा पडायची शक्यता ३ पैकी २. प्रत्यक्षात छापा-छापा, छापा-काटा, काटा-छापा, काटा-काटा असे चार सारखे प्रकार आहेत आणि त्यातल्या तिनात छापा आहे, म्हणून उत्तर ४ पैकी ३.

प्रश्नात ‘निदान एकदा’ दिसलं की उलटं मोजा, खूप सोपं जातं. मशीनने रँडम काढलेल्या ४ अंकी पिनमध्ये एखादा तरी अंक रिपीट व्हायची शक्यता बघू. एकूण पिन १०,०००. चारही अंक वेगळे असलेले १० × ९ × ८ × ७ = ५,०४०, इथे क्रम बदलला की पिनच बदलतो म्हणून काही भागायचं नाही. उरले ४,९६०, म्हणजे ४९.६ टक्के. माणसाने स्वतः निवडलेल्या पिनला मात्र हे लावू नका, कारण लोक जन्मसाल नाहीतर १२३४ ठेवतात आणि मग सगळे पिन सारख्या शक्यतेचे राहतच नाहीत.