जेवणाच्या दृश्यात चरित्र अभिनेत्याने कंटिन्युइटी कशी सांभाळावी

छोट्या भूमिकेतला चांगला क्लोजअप एडिटिंगमध्ये उडतो, तो बरेचदा अभिनय फसला म्हणून नव्हे, तर मास्टर शॉटशी, म्हणजे सगळं दृश्य एकत्र टिपणाऱ्या शॉटशी, जुळत नाही म्हणून. हे जुळणं म्हणजेच कंटिन्युइटी. जेवणाच्या दृश्यात हा धोका फार.

तालमीतच प्रत्येक हालचाल एखाद्या शब्दाला बांधून टाका: ‘उद्या’ म्हणताना पेला उचलायचा, वाक्य संपल्यावर ठेवायचा. कोणत्या हाताने, तेही संहितेच्या समासात पेन्सिलीने लिहा. मास्टरमध्ये जे कराल ते पुढच्या प्रत्येक अँगलला हुबेहूब करावं लागतं. म्हणून हालचाली दोन-तीनच ठेवा. हौसेने सात-आठ केल्या की तिसऱ्या अँगलपर्यंत गोंधळ ठरलेलाच.

घास नखाएवढा घ्या. मोठा घास संवादाआधी गिळून होत नाही, उच्चार बोजड होतात. टेक बरेच होणार असतील तर ‘कट’ झाल्यावर घास थुंकायला भांडं मागून घ्या. त्यात लाजण्यासारखं काही नाही. चमचा ताटलीवर आपटला तर तो आवाज संवादावर बसतो आणि नंतर वेगळा काढणं कठीण जातं. दोन वाक्यांच्या मधल्या जागेत ठेवा.

पेल्यातली पातळी, बाहीची घडी, चष्मा यांचे फोटो सहायक काढतातच, तरी स्वतःही बघून घ्या.

समोरच्याचा क्लोजअप चालू असताना तुम्ही फ्रेमबाहेर असलात तरी संवाद त्याच लयीत द्या, पण त्याच्या वाक्यावर तुमचं वाक्य चढू देऊ नका. बसायची जागा कॅमेऱ्याला खेटून घ्या, म्हणजे त्याची नजर बरोबर पडते.